अन्न तेच आवरण : मृदू प्रवाळांवर जगणाऱ्या सागरी गोगलगाईंविषयी प्रस्तावना

तांबड्या समुद्रापासून हिंदी महासागर ओलांडून थेट प्रशांत महासागरातील बेटांपर्यंत, उष्ण पाण्याच्या उथळ पट्ट्यांत मृदू प्रवाळांच्या ज्या वसाहती आढळतात, त्यांच्यावर राहणाऱ्या आणि त्याच वसाहती खाऊन जगणाऱ्या कवचहीन गोगलगाईंची फिलोडेस्मियम ही प्रजाती, म्हणजे निकटच्या नात्यातील जातींचा गट, हा प्रस्तुत ग्रंथाचा विषय आहे. या प्रजातीत आजवर सुमारे तीस जातींचे वर्णन झाले असून त्यांतील बहुतेक जातींची लांबी काही सेंटीमीटरांपलीकडे जात नाही. फक्त एक जात सुमारे चौदा सेंटीमीटरांपर्यंत वाढते. यांतील अनेक जाती आपल्या यजमान प्रवाळावर बसल्या असता अनुभवी पाणबुड्यालाही दिसत नाहीत, आणि त्यांची ख्याती मुख्यतः याच कारणाने आहे. तथापि त्यांच्या लपण्याकडे एक स्वतंत्र कसब म्हणून पाहिले, तर त्यांच्या जीवनक्रमाचा मोठा भाग निसटून जातो. हा प्राणी जे खातो त्यातून त्याला पोषण मिळते, त्यातूनच रंग, त्यातूनच शत्रूला नकोशी वाटणारी चव, आणि काही जातींत तर उपासाच्या दिवसांसाठी चालतेबोलते धान्यही मिळते. या सर्व गोष्टी एकाच भक्ष्यातून येत असल्यामुळे त्यांचा विचारही एकत्रच करावा लागतो, ही या ग्रंथामागील भूमिका आहे.

आरंभ भक्ष्यापासून करणे सोयीचे होईल. प्रवाळ म्हटले की चुनखडीचे खडक उभारणारे कठीण प्रवाळ डोळ्यांसमोर येतात. मृदू प्रवाळ त्यांचे नातलग असले तरी खडक उभारत नाहीत. त्यांच्या वसाहतीतील प्रत्येक घटक प्राण्याला, ज्यास पॉलिप म्हणतात, तोंडाभोवती बरोबर आठ संस्पर्शक असतात, आणि प्रत्येक संस्पर्शकाच्या दोन्ही कडांना पिसासारख्या बारीक शाखा फुटलेल्या असतात. या आठाच्या आकड्यावरूनच त्यांचा गट कठीण प्रवाळांपासून वेगळा ओळखला जातो. सलग सांगाड्याऐवजी त्यांच्या मांसल शरीरात कॅल्शियम कार्बोनेटच्या सूक्ष्म कंटिका विखुरलेल्या असतात. अंग मऊ, जागा सोडता येत नाही, दंशकोशिका, म्हणजे विषारी धागा फेकून भक्ष्याला टोचणाऱ्या पेशी, लहान आणि दुबळ्या. अशा प्राण्याला खाणारे पुष्कळ असायला हवेत. प्रत्यक्षात ते थोडेच आहेत, कारण मृदू प्रवाळ आपल्या ऊतींत टर्पीन वर्गातील कडवट व विषारी संयुगे मोठ्या प्रमाणात साठवतात. सार्कोफायटन आणि सिन्युलेरिया या प्रजातींचे रसायनशास्त्र म्हणूनच गेल्या अर्धशतकात औषधसंशोधकांच्या कुतूहलाचा विषय राहिले आहे. काही विशेष प्राण्यांनीच हा बंदोबस्त ओलांडला आहे : फुलपाखरू माशांच्या काही जाती, पांढऱ्याशुभ्र कवचाची अंडकवडी, आणि येथे ज्यांचा विचार करावयाचा आहे त्या गोगलगाई.

मृदू प्रवाळांपैकी झेनिया आणि तिच्या जवळची हेटेरोझेनिया या प्रजातींचा निराळा उल्लेख करणे आवश्यक आहे, कारण फिलोडेस्मियमच्या वेशांतराचे सर्वांत विलक्षण नमुने त्यांच्यावरच सापडतात. झेनियाचे पॉलिप लांब देठाचे असतात व त्यांचे संस्पर्शक मुठीसारखे सतत मिटतात आणि उघडतात. एका जागी रुतलेल्या प्राण्याने एवढी शक्ती अशा हालचालीत का घालवावी, हा प्रश्न बराच काळ अनुत्तरित होता. इलातच्या आखातातील हेटेरोझेनियावर झालेल्या आणि 2013 साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने असे दाखवले की, या हालचालीने पॉलिपांभोवतीचे पाणी ढवळले जाते, ऊतींत साठलेला जादा ऑक्सिजन वाहून जातो आणि त्यामुळे प्रवाळाच्या शरीरात राहणाऱ्या शैवलांच्या प्रकाशसंश्लेषणाचा वेग कित्येक पटींनी वाढतो. ही शैवले म्हणजे झूझँथेली या नावाने ओळखले जाणारे एकपेशीय, तपकिरी रंगाचे सूक्ष्मजीव होत. ती सूर्यप्रकाशात साखरेसारखे पदार्थ तयार करतात, त्यांतला मोठा वाटा यजमानाला देतात आणि बदल्यात आसरा व नायट्रोजनयुक्त टाकाऊ द्रव्ये मिळवतात. झेनियाचा मळकट तपकिरी रंग मुख्यत्वे या भाडेकरूंचा आहे, हे येथेच लक्षात ठेवावे. पुढील विवेचनात त्याचा पुन्हा उपयोग होणार आहे.

आता भक्षकाकडे वळता येईल. मृदुकाय संघातील उदरपाद वर्गात, म्हणजे शंख आणि गोगलगाई ज्या वर्गात मोडतात त्यात, प्रौढपणी कवच पूर्णपणे टाकून देणारा व क्लोम (श्वसनाचे कल्ले) उघड्यावर असणारा एक मोठा गट आहे. त्यातील इओलिड या उपगटाच्या प्राण्यांत खरे क्लोमही उरत नाहीत. त्यांच्या जागी पाठीवर ओळीने किंवा झुपक्यांनी उगवलेली लांबट, मऊ प्रवर्धे असतात, ज्यांना सेराटा म्हणतात. सेराटा हे श्वसनाचे पृष्ठ आहेच, पण त्याहून महत्त्वाची गोष्ट अशी की पचन ग्रंथीची एक शाखा प्रत्येक सेराटाच्या आत शिरून जवळजवळ टोकापर्यंत जाते, त्यामुळे या प्राण्याचे पोट त्याच्या पाठीवर पसरलेले असते असे म्हणण्यास हरकत नाही. सेराटाची त्वचा पारभासक असल्याने आतल्या अन्नाचा रंग बाहेरून दिसतो. इओलिड गोगलगाईंची प्रसिद्ध चोरी येथेच घडते : जलव्याल किंवा समुद्रपुष्पे खाताना त्यांच्या न फुटलेल्या दंशकोशिका त्या सेराटाच्या टोकाशी असलेल्या पिशवीत साठवतात आणि शत्रूवर वापरतात.

फिलोडेस्मियममध्ये ही चोरी आढळत नाही. सेराटाच्या टोकाची पिशवी अवशेषरूपाने असली तरी तीत दंशकोशिका साठवलेल्या नसतात, आणि याचे कारण भक्ष्यात शोधावे लागते, कारण मृदू प्रवाळांच्या दंशकोशिका इतक्या दुबळ्या असतात की त्या चोरून विशेष लाभ होणार नाही. घराण्याचे परंपरागत शस्त्र गमावलेल्या या प्रजातीला संरक्षणासाठी दुसरे मार्ग धरावे लागले. त्यांपैकी एक साधा आणि प्रभावी मार्ग म्हणजे सेराटा तोडून टाकणे : माशाने चावा घेताच सेराटा बुडापासून सुटतात, काही काळ वळवळत राहतात, चिकट स्राव सोडतात, आणि भक्षक त्यांच्यात गुंतला असता मूळ प्राणी निसटतो, गळालेले सेराटा नंतर पुन्हा उगवतात. दुसरा मार्ग रसायनांचा आणि तिसरा न दिसण्याचा.

न दिसण्याची तऱ्हा जातीजातीत वेगळी आहे. इंगो बुर्गहार्ट आणि टेरेन्स गॉसलिनर यांनी 2006 साली वर्णन केलेल्या फिलोडेस्मियम रडमनी या जातीत सेराटाचा आकार झेनियाच्या पॉलिपाची हुबेहूब नक्कल करतो : खाली देठासारखा सडपातळ भाग, वर फुगीर टोक, आणि त्या टोकावर मिटलेल्या संस्पर्शकांचा भास व्हावा अशी बारीक उंचवट्यांची रचना. उत्तर सुलावेसीतून 2004 साली नोंदलेली फिलोडेस्मियम जेकोब्सेनी हीदेखील झेनियावरच राहते व तिचे सेराटाही पॉलिपांत सहज मिसळून जातात. प्राणी वसाहतीच्या मध्यभागी बसला की त्याचे धड पॉलिपांच्या दाटीत बुडते आणि वर फक्त सेराटा उरतात, जे आणखी काही पॉलिप असल्यासारखे दिसतात. या वेशांतरात एक उघडी उणीव आहे, ती म्हणजे झेनियाचे पॉलिप मिटतात-उघडतात आणि गोगलगाईचे सेराटा तसे करत नाहीत. परंतु वसाहतीतील सगळे पॉलिप एका तालात हलत नाहीत व मधूनमधून स्वस्थही राहतात, त्यामुळे काही न हलणाऱ्या टोकांकडे लक्ष जाण्याचे कारण उरत नाही. उलट फिलोडेस्मियम पॉइंडिमिई ही जात कॅरिजोआ नावाच्या, फांद्याफांद्यांनी वाढणाऱ्या पांढऱ्या पॉलिपांच्या प्रवाळावर राहते. तिच्या सेराटांत पॉलिपाची बारकाईने केलेली नक्कल नाही. फिकट रंग, सडपातळ बांधा आणि फांदीला चिकटून राहण्याची सवय एवढ्यावरच तिचे भागते. लॉर्ड हाउ बेटावरून वर्णिलेली फिलोडेस्मियम कोलमनी ही ट्युबिपोरा म्युझिका या लाल नळ्यांच्या प्रवाळावर राहते. या प्रवाळाचा सांगाडा लाल असला तरी दिवसा त्यावर पसरलेले पॉलिप फिकट करड्या-हिरवट रंगाचे असतात, आणि गोगलगाईने नक्कल उचलली आहे ती सांगाड्याची नव्हे, पॉलिपांची.

ही नक्कल कोणासाठी आहे, हे विचारणे अप्रस्तुत नाही. गोगलगाईचे स्वतःचे डोळे त्वचेखाली दडलेले दोन बारीक ठिपके असून त्यांना उजेड आणि अंधार यांपलीकडे फारसे कळत नाही; आपला प्रवाळ तिला डोक्यावरील गंधग्राही शृंगिकांच्या साहाय्याने, म्हणजे पाण्यातील रसायनांच्या वासाने सापडतो. तेव्हा ज्या सारखेपणाचे माणसाला एवढे कौतुक वाटते, तो तिने कधी पाहिलेला नाही. हा सारखेपणा माशांच्या नजरेने घडवला आहे : जे प्राणी थोडे वेगळे दिसले ते पिढ्यानपिढ्या खाल्ले गेले आणि जे कमी वेगळे दिसले ते उरले. प्रवाळभित्तीवरील मासे रंग आणि आकार यांचा भेद उत्तम ओळखतात, त्यामुळे नकलेची कसोटीही तितकीच कठोर राहिली.

या प्रजातीच्या अभ्यासाचा इतिहास पाहता असे दिसते की, जी गोष्ट आज तिची ओळख मानली जाते ती शंभराहून अधिक वर्षे शास्त्रज्ञांच्या दृष्टीआड राहिली. जर्मन निसर्गवैज्ञानिक क्रिस्टियन गॉटफ्रीड एरेनबर्ग याने आपला सहकारी विल्हेल्म हेम्प्रिख याच्यासह 1820 ते 1825 या काळात इजिप्त, सिनाई आणि तांबड्या समुद्राच्या किनाऱ्यांवर प्रवास केला. हेम्प्रिख 1825 साली मसावा येथे तापाने मरण पावला आणि संग्रहाच्या अभ्यासाचे ओझे एरेनबर्गवर पडले. 1831 साली त्याने फिलोडेस्मियम हायलिनम ही जात व तिच्यासोबत ही प्रजाती स्थापन केली. पुढे 1834 साली याच एरेनबर्गने तांबड्या समुद्रातील एका मृदू प्रवाळाचेही वर्णन केले, जो आज हेटेरोझेनिया फस्केसेन्स या नावाने ओळखला जातो. भक्षक आणि त्याच्या भक्ष्याच्या गोत्रातील प्रवाळ अशा रीतीने एकाच माणसाच्या हातांखालून गेले; पण त्यांचे नाते कागदावर येण्यास विसावे शतक अर्धे सरावे लागले. इजिप्तमधील अल-गरदका येथील सागरी संशोधन केंद्रात झेनिया कुलाचे विशेषज्ञ गोहर आणि त्यांचे सहकारी अबुल-एला यांनी 1957 साली झेनिया खाणाऱ्या एका गोगलगाईचे ‘फिलोडेस्मियम झेनिई’ या नावाने वर्णन केले. ती एरेनबर्गचीच जात असल्याचे नंतर मानले गेले. प्रवाळाच्या अभ्यासकाला ही गोगलगाय दिसावी हे स्वाभाविकच होते, कारण तो तिच्या घरातच वावरत होता.

मधल्या काळात काम झाले नाही असे नाही. कोपनहेगनचे वैद्य रुडॉल्फ बेर्ग यांनी, ज्यांचा व्यवसाय गुप्तरोगांच्या चिकित्सेचा होता, फावल्या वेळात जगभरच्या कवचहीन गोगलगाईंचे विच्छेदन करून शेकडो जातींची वर्णने लिहिली. 1899-1900 मध्ये डच ईस्ट इंडीजच्या समुद्रात फिरलेल्या सिबोगा मोहिमेच्या संग्रहातून त्यांनी 1905 साली जी जात नोंदवली तीच आजची फिलोडेस्मियम लाँगिसिरम. बेर्ग यांची शरीररचनेची वर्णने आजही उपयोगी पडतात. मात्र त्यांच्यापुढे आलेले नमुने अल्कोहोलात बुडवलेले होते, आणि अल्कोहोलात या प्राण्याचा रंग जातो, सेराटा आक्रसतात किंवा गळून पडतात, आणि तो ज्या प्रवाळावर होता तो प्रवाळ बहुधा दुसऱ्याच बाटलीत असतो. मायावरण, म्हणजे लपण्यासाठीचे हे वेशांतर, ही दोन प्राण्यांमधील संबंधाची गोष्ट आहे. एकट्या नमुन्यात ती उरत नाही. याच्या उलट वाट भारतात एकदा चोखाळली गेली होती : मद्रास इलाख्यातील सनदी अधिकारी वॉल्टर एलियट यांनी वॉल्टेअर, म्हणजे आजच्या विशाखापट्टणमच्या किनाऱ्यावर गोळा केलेल्या गोगलगाईंसोबत जिवंत प्राण्यांवरून काढून घेतलेली रंगीत चित्रेही इंग्लंडला पाठवली, आणि त्यांच्या आधारे ऑल्डर व हॅन्कॉक या जोडीने 1864 साली आपला निबंध प्रसिद्ध केला. त्या निबंधातील वर्णने आजही ओळखता येतात याचे श्रेय बाटल्यांपेक्षा चित्रांना अधिक आहे.

पाण्याखाली श्वास घेण्याची साधने आणि रंगीत छायाचित्रण सर्वसामान्य झाल्यावर परिस्थिती पालटली. सिडनीच्या ऑस्ट्रेलियन म्युझियममधील बिल रडमन यांनी 1981 आणि 1991 साली प्रसिद्ध केलेले दोन प्रदीर्घ निबंध हे या विषयाचे खरे अधिष्ठान होय. रडमन यांनी प्रत्येक जात तिच्या प्रवाळासह तपासली, पचन ग्रंथीच्या शाखांचे सूक्ष्म छेद घेतले, आणि त्यातून एक क्रम मांडला. क्रमाच्या एका टोकाला पॉइंडिमिईसारख्या जाती येतात, ज्यांच्या सेराटांत पचन ग्रंथीची एकच सरळ नळी असते व ज्यांचे भक्ष्य असलेल्या प्रवाळांतही झूझँथेली नसतात. मध्ये अशा जाती येतात ज्यांची नळी थोड्या शाखांनी पसरते आणि त्या शाखांच्या पेशींत प्रवाळाबरोबर गिळलेली शैवले काही काळ टिकतात. दुसऱ्या टोकाला लाँगिसिरम येते, जिच्या रुंद, चपट्या सेराटांत पचन ग्रंथीच्या असंख्य बारीक नलिका त्वचेलगत पोहोचलेल्या असतात आणि त्यांत शैवलांचे पुंजके इतके दाट असतात की पारभासक अंगावर तपकिरी वर्तुळांची नक्षी उमटते. गॉसलिनर आणि एलिझाबेथ मूर यांनी 2011 साली जनुकीय पुराव्यावरून या प्रजातीची वंशावळ मांडली तेव्हाही शैवले नसलेल्या जाती मुळाशी व शैवले जोपासणाऱ्या जाती पुढच्या फांद्यांवर आल्या, म्हणजे रडमन यांच्या क्रमाची मुख्य दिशा टिकली.

येथे एका नेहमीच्या गोंधळाचे निरसन करणे इष्ट ठरेल. सूर्यप्रकाशावर जगणाऱ्या गोगलगाई म्हटले की एलिसिया या हिरव्या, पानासारख्या प्राण्याचे नाव घेतले जाते. परंतु एलिसिया शैवलाच्या पेशीतील फक्त हरितलवके काढून घेते व उरलेली पेशी पचवते. फिलोडेस्मियम संपूर्ण पेशी जिवंत ठेवते. ही पेशी गोगलगाईच्या पचन ग्रंथीतील पेशीच्या आत, एका पातळ आवरणात बंदिस्त राहते, तिचे केंद्रक शाबूत असते आणि ती विभाजित होऊन वाढू शकते; तेव्हा पहिल्या प्रकाराला चोरी म्हटले तर दुसऱ्याला सहजीवन म्हणणे योग्य होईल. हे सहजीवन वंशपरंपरेने मात्र मिळत नाही. अंड्यांतून शैवले पुढील पिढीकडे जात नाहीत. प्रत्येक पिल्लाला ती आपल्या पहिल्या घासांबरोबर प्रवाळाकडून नव्याने घ्यावी लागतात. बुर्गहार्ट आणि हाइके वेगेले यांनी प्राण्याला इजा न करता शैवलांच्या प्रकाशसंश्लेषणाची कार्यक्षमता मोजणारे प्रतिदीप्तिमापक यंत्र वापरून असे दाखवले की, प्रगत जातींत ही शैवले गोगलगाईच्या अंगात जाऊनही दीर्घकाळ कार्यक्षम राहतात आणि अशा जाती अन्नाविना महिनोन्महिने तग धरतात. अर्थात उपाशी प्राणी जगला एवढ्यावरून तो शैवलांच्या साखरेवरच जगला असे सिद्ध होत नाही. गोगलगाई अंग आक्रसूनही बराच काळ काढतात. उजेडात आणि अंधारात ठेवलेल्या प्राण्यांची तुलना केल्यावाचून या दाव्याला पूर्ण वजन येत नाही, हा सावधपणा या विषयावरील लोकप्रिय लेखनात क्वचितच आढळतो.

आता तपकिरी रंगाकडे परत येता येईल. झेनियाचा रंग तिच्यातील शैवलांचा आहे. गोगलगाय तीच शैवले आपल्या सेराटांत ठेवते. म्हणून दोघींचा रंग मिळताजुळता नसून एकच आहे, तोच रंगद्रव्यसमूह दोन अंगांतून दिसत आहे. आकाराबाबतही असेच काही म्हणता येते. शैवलांना भरपूर उजेड मिळावा यासाठी सेराटा लांब, पातळ, पारभासक त्वचेचे आणि वरच्या बाजूला पसरलेले असणे फायद्याचे, आणि झेनियाच्या पॉलिपालाही नेमक्या याच गरजेने तसाच आकार आलेला आहे. मग नक्कल आधी आली की शैवलांची बाग, असा प्रश्न उभा राहतो. पॉइंडिमिईसारख्या जातींत शैवले नाहीत, तरी लपण्याची सोय आहे; यावरून भक्ष्यासारखे दिसणे हे सहजीवनापेक्षा जुने असावे असे मानण्यास आधार मिळतो. पण दोन्ही प्रवृत्ती नेहमी हातात हात घालून चालत नाहीत, याचा पुरावा लाँगिसिरम देते. शैवलांची सर्वांत मोठी लागवड करणारी ही जात सार्कोफायटन खाते, परंतु त्याच्यासारखी मुळीच दिसत नाही. सार्कोफायटनचा आकार जाड, मांसल छत्रीचा, आणि ही जात मात्र नक्षीदार चपट्या पात्यांचा पसारा घेऊन प्रवाळापासून दूर, उघड्यावरही फिरताना आढळते. तिला उजेडात बसणे लपण्यापेक्षा अधिक लाभाचे ठरले असावे, आणि तसे बसणे तिला परवडते याचे कारण तिच्या रसायनांत शोधायला हवे.

लाँगिसिरमच्या ऊतींत सार्कोफायटनमधील टर्पीन संयुगे साठलेली आढळली आहेत. ग्वाम बेटावरील फिलोडेस्मियम ग्वामेन्सिस या जातीचा पुरावा अधिक नेमका आहे : ती सिन्युलेरिया खाते, तिच्या अंगात त्या प्रवाळातील एक डायटर्पीन साठते, आणि हे संयुग मिसळलेले अन्न मासे टाळतात हे 1998 साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत दिसून आले. प्रवाळाने स्वसंरक्षणासाठी घडवलेले विष त्याला खाणाऱ्याच्याच उपयोगी पडावे, यात निसर्गाचा उपहास पाहणाऱ्याने पाहावा; गोगलगाईच्या बाजूने तो घराण्याच्या जुन्या सवयीचाच विस्तार आहे. इतर इओलिड भक्ष्याकडून काटे घेतात, ही प्रजाती कडूपणा घेते.

प्रजननाविषयी थोडक्यात एवढे पुरे की, हे प्राणी उभयलिंगी आहेत, दोन प्राणी परस्परांना फलित करतात, आणि अंडी पांढरट दोऱ्याच्या वेटोळ्यांच्या रूपात यजमान प्रवाळावर किंवा त्याच्या बुंध्याशी घातली जातात. अंड्यांतून बाहेर पडणारे डिंभ इवलेसे कवच घेऊन पाण्यात तरंगतात व योग्य प्रवाळाची रासायनिक खूण मिळाल्यावर तळाशी बसून कवच टाकतात. अंड्यांचे वेटोळे लपवण्याची कोणतीही तजवीज नसते, त्यामुळे शोधकाला गोगलगाईच्या आधी बहुधा तेच दिसते. घरगुती खाऱ्या पाण्याच्या मत्स्यालयांत आयात केलेल्या झेनियाबरोबर नकळत आलेली गोगलगाय तर अनेकदा वसाहत निम्मी संपल्यावरच मालकाच्या ध्यानात येते.

केवळ कुतूहलाचा वाटणारा हा विषय व्यवहाराशीही जोडला गेला आहे. हवाई बेटांभोवती कॅरिजोआ रिसेई हा झपाट्याने वाढणारा प्रवाळ विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पसरला आणि माउईजवळच्या खोल पाण्यातील, दागिन्यांसाठी मोलाच्या काळ्या प्रवाळांना त्याने झाकून मारण्यास सुरुवात केली. या आक्रमकाला खाणारा प्राणी म्हणून फिलोडेस्मियम पॉइंडिमिईकडे लक्ष गेले, आणि जैविक नियंत्रणाच्या दृष्टीने तिच्या आहाराचा व जीवनक्रमाचा अभ्यास झाला. एकाच भक्ष्याला वाहिलेला भक्षक ही अशा कामासाठी पहिली अट असते आणि ती ही जात पूर्ण करते. मात्र तिची लपण्याची व रात्री वावरण्याची सवय तिची मोजदाद अवघड करते. कॅरिजोआ हा मूळचा कॅरिबियन समुद्रातला असे आरंभी समजले जात होते. जनुकीय अभ्यासाने तो हिंद-प्रशांत क्षेत्रातून आल्याचे दाखवले, आणि त्याला वाहिलेली गोगलगाय याच क्षेत्रातली असणे या निष्कर्षाशी जुळते.

हा धागा भारताच्या पश्चिम किनाऱ्यापर्यंत येतो. गोव्याजवळच्या ग्रँड बेटापाशी कॅरिजोआ रिसेई आढळल्याचे नोंदले गेले, तेव्हा तो परका घुसखोर आहे की येथलाच जुना रहिवासी पुन्हा डोके वर काढत आहे, असा प्रश्न अभ्यासकांनी उपस्थित केला. अशा प्रश्नाच्या उत्तरात त्यावर जगणाऱ्या प्राण्यांची साक्ष उपयोगी पडते, कारण एखाद्या प्रवाळावर त्यालाच वाहिलेले भक्षक ठाण मांडून असतील तर तो त्या पाण्यात फार नवा नसण्याची शक्यता वाढते. कोकणच्या पाण्यात पावसाळ्याचा गाळ आणि गढूळपणा असल्याने उजेडावर अवलंबून असलेल्या प्रवाळांना तेथे मर्यादा पडते. तरीही मालवणच्या सागरी अभयारण्याचा खडकाळ भाग आणि विजयदुर्गच्या पश्चिमेला शंभर किलोमीटरहून अधिक अंतरावर, कान्होजी आंग्रे यांच्या नावाने ओळखली जाणारी आंग्रिया बँक ही बुडालेली पठारभूमी येथे प्रवाळजीवन टिकून आहे. लक्षद्वीपची स्थिती वेगळी. तेथे पाणी स्वच्छ आहे, परंतु 1998, 2010 आणि 2016 या वर्षांत समुद्र तापल्याने प्रवाळांनी आपली शैवले गमावली, आणि जो प्राणी प्रत्येक पिढीत प्रवाळाकडूनच शैवले घेतो त्याच्या दृष्टीने पांढरा पडलेला प्रवाळ म्हणजे अन्नही गेले आणि बियाणेही. कायद्याच्या बाजूने पाहता, 2001 साली वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत कठीण प्रवाळ, काळे प्रवाळ, समुद्रपंखे आणि ट्युबिपोरा म्युझिका यांचा समावेश झाला. सार्कोफायटन किंवा झेनियासारख्या मांसल प्रवाळांचा उल्लेख त्या यादीत नव्हता. फिलोडेस्मियमच्या बहुतेक जातींचे घर अशा रीतीने त्या यादीच्या बाहेर राहिले.

भारतीय पाण्यात या गटाचा शोध घेऊ इच्छिणाऱ्यांनी एक पथ्य पाळावे अशी अपेक्षा आहे. गोगलगाईचे छायाचित्र कितीही उत्तम असले तरी ती ज्या प्रवाळावर सापडली त्याची नोंद नसेल तर त्या छायाचित्राचे मोल अर्धेच राहते, आणि मृदू प्रवाळ केवळ बाह्यरूपावरून जातीपर्यंत ओळखता येत नाहीत. त्यासाठी रीतसर परवानगी घेऊन वसाहतीचा नखाएवढा तुकडा घ्यावा, तो घरगुती विरंजक द्रवात ठेवून मांसल भाग विरघळू द्यावा आणि तळाशी उरलेल्या कंटिका पाण्याने धुऊन सूक्ष्मदर्शकाखाली पाहाव्यात. त्यांच्या आकारावरून, त्यावरील गाठी व काट्यांवरून प्रवाळाची ओळख पटते. तुकडा वसाहतीच्या वरच्या भागातून व बुंध्यातून असा दोन्ही ठिकाणचा घ्यावा, कारण बऱ्याच जातींत या दोन भागांतील कंटिका भिन्न असतात. बाटलीवर लावायच्या चिठ्ठीत ठिकाण, खोली आणि तारीख यांबरोबर गोगलगाईच्या नमुन्याचा क्रमांकही लिहावा, म्हणजे पुढे कोणी दोन्ही नमुने तपासायला घेतले तर कोणती गोगलगाय कोणत्या प्रवाळावर होती हे शोधत बसावे लागणार नाही.